सिमेंटपूर्वीच्या कालव्यांतून पाणी झिरपत कसे नसे?

मुलुंडकर: मुंबईला तानसाचे पाणी बंद नळांतून येते, पण पूर्वीच्या उघड्या, मातीच्या कालव्यांतील झिरपा अभियंते कसा रोखत?

दादरकर: इंग्लंडमधील ब्रिजवॉटर कालव्यासाठी (१७६१) जेम्स ब्रिंडले यांनी चिकणमाती पाण्यात कालवून, तुडवून तिचे थर दिले, ही माती ओली असेपर्यंतच पाणी अडवते, म्हणून कालवा कोरडा पडणे घातक असे.

गिरगावकर: माझ्या मते खरी कसोटी उताराची. १८५४ मध्ये खुल्या झालेल्या गंगा कालव्याचा उतार जास्त ठरला, वेगवान पाण्याने तळ खरवडला आणि तो बांधणारे अभियंते प्रोबी कॉटले यांच्या रचनेत पुढे दुरुस्त्या कराव्या लागल्या. तरीही रुडकीजवळ सोलानी नदीवरून कालवा नेणारा त्यांचा जलसेतू थक्क करणारा आहे.

ठाणेकर: धुळ्याकडील फड या सामूहिक सिंचन पद्धतीचाही अभ्यास करावा, पांझरा नदीवरील बंधाऱ्यांतून निघणारे पाट केवळ उताराच्या बळावर शेतांना पाणी देतात.