डुकरीण, रेशन आणि प्रतिष्ठा
'अ प्रायव्हेट फंक्शन' (1984) हा ब्रिटिश विनोदी चित्रपट म्हणजे घरात आणलेल्या डुकरिणीचा निव्वळ धुमाकूळ, असे एक मत आहे; त्याला थोडी पुरवणी जोडावीशी वाटते. कथा 1947 च्या इंग्लंडमधील यॉर्कशायर परगण्यातली आहे; दुसरे महायुद्ध संपले तरी मांसाचे रेशनिंग चालूच होते (ते 1954 मध्ये उठले), आणि म्हणूनच राजकन्या एलिझाबेथच्या विवाहानिमित्त मेजवानी झोडता यावी यासाठी गावातील प्रतिष्ठित मंडळी ही डुकरीण चोरून पोसत असतात. पायांचे विकार पाहणारा गिल्बर्ट (मायकेल पॅलिन) तिला पळवतो, पण तिच्यावर सुरी चालवणे त्याच्या जिवावर येते. माझ्या मते खरी गंमत त्याच्या मानमरातबासाठी आसुसलेल्या पत्नीत आहे. त्या भूमिकेसाठी मॅगी स्मिथला बाफ्टा हे ब्रिटिश चित्रपट पारितोषिक मिळाले, ते योग्यच होते.