पोरबंदरी दगडावरील काळा थर कसा काढावा?

फोर्टनिवासी:
आमच्या फोर्टमधील जुन्या इमारतीच्या भिंती कुर्ल्याच्या दगडाच्या असून खिडक्यांवरील पानाफुलांची नक्षी पोरबंदरी दगडात कोरलेली आहे. छज्जाखाली, जेथे पाऊस पोहोचत नाही, तेथील नक्षीवर जाड काळा थर आला आहे. भिजणारा भाग मात्र पांढरा आहे. वाळूचा फवारा मारून सर्व साफ करावे आणि वरून पारदर्शक लेप द्यावा, असे ठेकेदार सुचवतो. हे योग्य आहे का?

दगडकाम:
वाळूचा फवारा कृपया मारू देऊ नका. पोरबंदरी दगड हा चुनखडक आहे. हवेतील सल्फर डायऑक्साइडपासून ओलाव्यात आम्ल तयार होते, ते दगडातील कॅल्शियम कार्बोनेटचे जिप्सम (पाण्यात थोडे विरघळणारे मऊ खनिज) करते आणि त्या स्फटिकांत वाहनांची काजळी अडकून थर काळा होतो. म्हणजे आपण ज्याला मळ समजता, तो बव्हंशी दगडाचाच बदललेला पृष्ठभाग आहे. जिप्सम मूळ चुनखडकाच्या सुमारे दुप्पट जागा व्यापत असल्याने थर फुगतो, आणि त्याची खपली सुटते तेव्हा पानाची कडही तिच्यासोबत जाऊन मागे भुसभुशीत दगड उरतो. पांढऱ्या भागाची स्थितीही तपासावी. तेथील जिप्सम दर पावसाळ्यात विरघळून वाहून जाते, त्यामुळे पाकळ्यांच्या शिरा बोथट झालेल्या आढळतील.

जिज्ञासू:
ताजमहालावर मुलतानी मातीचा लेप देतात. तो येथे चालेल का?

दगडकाम:
संगमरवरावर साचलेली धूळ आणि काजळी तो लेप शोषून घेतो. जिप्समच्या जाड थराला तो पुरत नाही. येथे पाण्याचे अतिशय बारीक तुषार सोडून थर हळूहळू मऊ करतात आणि मऊ ब्रशने उतरवतात, मात्र सुटू लागलेली नक्षी आधी स्थिर करावी लागते. कुर्ल्याचा दगड ज्वालामुखीजन्य असल्यामुळे त्याची चाचणी वेगळी घ्यावी. पारदर्शक लेप टाळावा, कारण त्यामागे ओलावा आणि क्षार कोंडून दगड आतून फुटतो.

स्थापत्य अभियंता:
एप्रिल २०२० पासून बीएस-६ या वाहन-प्रदूषण मानकामुळे इंधनातील गंधक (सल्फर) ५० वरून १० पीपीएमवर (दहा लाख भागांत १० भाग) आले, ही मोठी जमेची बाजू आहे. तथापि जुन्या थरातील जिप्सम ओलावा मिळताच पुन्हा विरघळते आणि स्फटिकरूप होते. म्हणून सफाईपूर्वी छज्जाची गळती थांबवावी, सांध्यांतील सिमेंट काढून चुना भरावा. इमारत वारसा यादीत असल्यास मुंबई वारसा संवर्धन समितीकडे आधी विचारणा करावी, आणि कोणतीही पद्धत प्रथम दर्शनी नसलेल्या हातभर जागेवरच करून पाहावी.