शब्दचर्चा : 'भटक्या'चं स्त्रीलिंग काय करायचं?

आन्येस वार्दा या फ्रेंच दिग्दर्शिकेवर मराठीत लिहायला घेतलंय आणि तिच्या दोन सिनेमांच्या नावांवरच गाडी अडलीये.

पहिला १९८५ चा, ज्याला व्हेनिसला गोल्डन लायन मिळाला. फ्रेंच नाव 'सां त्वा नी ल्वा', म्हणजे ना छप्पर ना कायदा. मूळ वाक्प्रचार 'सां फ्वा नी ल्वा', ना इमान ना कायदा, कशाचीच चाड नसलेल्या माणसाला म्हणतात, तिने इमानाच्या जागी छप्पर आणून ठेवलं. इंग्रजीत नुसतं 'व्हॅगाबाँड' केलंय. मी लिहिलं 'भटकी', आणि लगेच खोडलं. आपल्याकडे पुरुष 'भटक्या' असला की कौतुक, सॅक पाठीवर टाकून गड फिरणारे स्वतःला अभिमानाने भटके म्हणवतात, आणि बाई फिरली की भटकभवानी, उंडगी. नाहीतर मग भटकी कुत्री. मोना नावाची तरुण पोरगी थंडीत दक्षिण फ्रान्समधे एकटी फिरते, पहिल्याच सीनमधे ती खड्ड्यात गारठून मेलेली सापडते, आणि मग तिला भेटलेले लोक तिच्याबद्दल सांगत जातात. तर तिला मी शिवी कशी देऊ?

प्रतिसाद : सरळ 'बेघर' लिहा ना.

धागाकर्ती : नाही जमत. बेघर म्हणजे घर गेलेला, परिस्थितीने रस्त्यावर आलेला. मोना ऑफिसातली सेक्रेटरीची नोकरी स्वतः सोडून निघालीये, साहेब नकोत म्हणून. बेघर म्हटलं की लगेच कीव येते आणि वार्दाने तर तिची कीव येऊ नये याचीच काळजी घेतलीये, साँद्रीन बोनेरने ती भूमिका इतकी तुसडी केलीये की मधेच राग येतो. आणि भेटलेला प्रत्येकजण तिच्याबद्दल सांगता सांगता खरं तर स्वतःबद्दलच सांगतो, तिच्या मनात काय होतं ते शेवटपर्यंत कुणाच्या हाती लागत नाही. बाईच्या मनाचा ठाव घ्यायची ही पण एक रीत आहे असं मला वाटतं, ठाव लागत नाही हे प्रामाणिकपणे दाखवायची. तिच्याच १९६२ च्या 'क्लेओ' सिनेमात उलटं होतं, तिथे गायिका कॅन्सरच्या रिपोर्टची वाट बघत पॅरिसभर फिरते आणि आपण सतत तिच्यासोबत. आधी सगळे तिला बघत असतात, मग ती विग उतरवून बाहेर पडते आणि ती जगाकडे बघायला लागते.

प्रतिसाद : ताई, 'धरबंध' शब्द वापरून बघा. आमच्याकडे म्हातारी माणसं म्हणायची, त्याला काही धरबंधच नाही. 'ना घर ना धरबंध'. 'घर' आणि 'धर' कानाला जवळचे लागतात, फ्रेंचमधल्या त्वा-ल्वासारखे. शिवाय लिंगाचा प्रश्नच मिटला.

धागाकर्ती : वा, हे फार आवडलं! हेच घेते. आता दुसरा, २००० सालची डॉक्युमेंटरी, 'ले ग्लानर ए ला ग्लानोज'. ग्लाने म्हणजे पीक काढल्यावर शेतात राहिलेलं वेचणं.

प्रतिसाद : अहो याला 'सरवा' म्हणतात की! सरवा वेचणं. भुईमूग काढून झाला, मालकाने रान मोकळं केलं की बायापोरं जाऊन मातीत राहिलेल्या शेंगा उकरायची. माझी आजी ओटीभर आणायची. त्याला कुणी चोरी म्हणायचं नाही.

धागाकर्ती : अगदी तेच! फ्रान्समधे याला १५५४ च्या राजाच्या हुकमाचा आधार आहे, सिनेमात एक वकील काळा झगा घालून शेतात उभा राहून कायद्याचं लाल पुस्तक दाखवत समजावतो. सिनेमाची सुरुवातही डिक्शनरी उघडून होते, त्यामुळे इथे विचारावंसं वाटलं. आणि वेलीवर-झाडावर राहिलेलं खुडायला त्यांच्याकडे वेगळं क्रियापद आहे, ग्रापिये.

प्रतिसाद : शहरातल्या वाचकाला सरवा कळेल का? 'कचरावेचक' चालेल?

धागाकर्ती : कचरावेचक विकायला वेचतात, तो त्यांचा धंदा आहे. इथे लोक खायला वेचतात, बाजार उठल्यावर पडलेली भाजी, टाकून दिलेले बटाटे. सरवाच ठेवते, एका वाक्यात अर्थ सांगेन. पण मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते लिंग. फ्रेंच नावात आधी अनेकवचन, मग एकटी स्त्रीलिंगी एकवचनी, ती म्हणजे स्वतः वार्दा, सत्तरी ओलांडलेली, एका हातात छोटा डिजिटल कॅमेरा आणि दुसऱ्या हातावरच्या सुरकुत्या शूट करणारी. इंग्रजीत तिथे 'आय' झालं आणि बाई गायब झाली. मराठीत काहीच हरवत नाही, 'सरवा वेचणारे आणि वेचणारी'.

प्रतिसाद : 'वेचणारे आणि मी वेचणारी' केलं तर?

धागाकर्ती : 'मी' नको, तिनेही म्हटलेलं नाही. 'वेचणारी'तल्या दीर्घ 'री'तच ती आहे.