मदत हवी आहे: पॅरालिसिसच्या झटक्यानंतर वडिलांचा राग खूप वाढलाय

नमस्कार, इथे पहिल्यांदाच लिहितेय, लांबलं तर समजून घ्या.

माझे वडील, आम्ही अण्णा म्हणतो, वय ६७, एसटीत कंडक्टर होते. आठ महिन्यांपूर्वी मेंदूच्या डाव्या बाजूला गुठळी अडकून झटका आला, उजवा हात-पाय गेला आणि वाचा गेली. पाय बराच सुधारला, काठी घेऊन अंगणापर्यंत जातात, पण हात तसाच आहे आणि बोलताना शब्द सापडत नाही. पाणी हवं असलं की "चावी" म्हणतात, आपण चावी दिली की भडकतात.

ज्या माणसाने सुट्ट्या पैशांवरून भांडणाऱ्या पॅसेंजरवरही कधी आवाज चढवला नाही तो आता ताट भिरकावतो. सोमवारी आई त्यांना शर्ट घालत होती, बाही चढेना म्हणून ती "थांबा हो जरा" म्हणाली तर डाव्या हाताने असा हिसका दिला की तिची बांगडी फुटून मनगटात काच गेली. आणि दोन मिनिटांत तेच तिचा हात धरून ओक्साबोक्शी रडायला लागले. रडणंही असंच, माझा मुलगा शाळेतून आला तरी रडतात, टीव्हीवर साधी जाहिरात लागली तरी रडतात, आणि चुलत काकांच्या दहाव्याला सगळ्यांसमोर हसू फुटलं ते थांबेचना, नंतर चार दिवस मान खाली घालून बसून होते.

नातेवाईक म्हणतात शिव्या तर स्पष्ट देतात, मग बोलायला काय होतं, नाटकं आहेत. मला याचा फार त्रास होतो. शिव्या स्पष्ट येतात हे खरंय, पण पाढेही येतात. परवा मी नुसतं "सांगली" म्हटलं तर पुढचं "माधवनगर, कवलापूर, तासगाव" घडाघडा बोलले! स्पीच थेरपिस्ट मॅडम म्हणाल्या की वर्षानुवर्षं तोंडात बसलेलं आपोआप बाहेर येतं, शिवीपण त्यातलीच, ठरवून शब्द शोधायला गेलं की अडतं. म्हणजे नाटक नाहीये ना हे.

चौथ्या महिन्यात फिट आली तेव्हापासून लेव्हेटिरासिटॅमची गोळी चालू आहे, राग त्यानंतरच जास्त वाढला असं आई म्हणते. डॉक्टर बीपी बघतात आणि "होतं असं" म्हणतात. कोणाच्या घरी हे झालंय का? कमी होतं का? आई ६२ची आहे, तिला रात्रीची झोप नाही.

प्रतिसाद १:
ताई, माझ्या सासऱ्यांचं सेम होतं, तीन वर्षं झाली. आईंचं म्हणणं डॉक्टरांना नक्की सांगा, त्या गोळीने चिडचिड वाढते हे डॉक्टरांनाही माहीत असतं, ते बदलून देऊ शकतात. पण मनाने एकही गोळी बंद करू नका, फिट परत येईल.

कारण नसताना रडू-हसू येतं त्याला स्यूडोबल्बार अफेक्ट म्हणतात, मेंदूतला ब्रेक ढिला झाल्यासारखं, आतून तेवढं दुःख असतंच असं नाही. त्यावर औषध आहे, आमच्याकडे काही आठवड्यांत फरक पडला. डिप्रेशन वेगळं, पण तेही तपासून घ्या, झटक्यानंतर साधारण तिघांतल्या एकाला होतं.

आणि शर्टचं वाचून वाटलं, खांदा दुखत असेल हो! सांगता येत नाही म्हणून हिसका. आधी लुळा हात बाहीत घाला, काढताना तो शेवटी. पोट साफ नसणं, लघवीचं इन्फेक्शन, यानेही माणूस चिडतो. प्रश्न हो-नाहीत उत्तर येईल असे विचारा आणि बोलताना टीव्ही बंद. आईंना बोलायला कोणी हवं असेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर आहे, फ्री आहे आणि रात्रीही लागतो.

धागाकर्ती:
खूप खूप आभार. आज सकाळी आधी उजवा हात घातला, तो वर उचलताना त्यांनी डोळे घट्ट मिटले. आठ महिने आम्हाला हे दिसलंच नाही, आई तिथेच रडली. गुरुवारची न्यूरोलॉजिस्टची वेळ घेतलीय. रडू येतं तेव्हाचा व्हिडिओ काढून दाखवला तर डॉक्टरांना उपयोग होईल का? अण्णांना न विचारता काढायला मन होत नाहीये, आणि विचारलं तर त्यांना काय वाटेल याचीही भीती वाटतेय. तुम्ही कसं केलं होतं?