मदत हवी आहे: बेसबॉलमधलं ‘बेस चोरणं’ मुलांना कसं समजावू?

नमस्कार मंडळी. मी कर्णबधिर मुलांना शिकवते. त्यांना विल्यम हॉय हा कर्णबधिर अमेरिकन बेसबॉलपटू सांगायचाय. १८६२ साली ओहायोत जन्म, तिसऱ्या वर्षी मेनिंजायटिसनं ऐकू येणं गेलं. आधी बूट दुरुस्त करायचा. १८८८ मध्ये नॅशनल लीग या अमेरिकेतल्या मोठ्या बेसबॉल स्पर्धेतल्या पहिल्याच मोसमात ८२ बेस चोरले, म्हणजे फलंदाजाच्या फटक्याची वाट न बघता धावत पुढचा बेस (मैदानातला टप्पा) गाठला! पुढच्या वर्षी एकाच सामन्यात सीमेकडून अचूक फेकी करून तिघांना होम प्लेटवर (जिथे धाव पूर्ण होते त्या शेवटच्या टप्प्यावर) बाद केलं. केवढा खेळाडू!

काल फळ्यावर मैदान काढलं, तर एका मुलीनं खुणेनं विचारलं, “चोरी म्हणजे लबाडी ना?” मी अडले. ‘चोरटी धाव’ म्हणावं, तर इथे फलंदाजानं चेंडू मारलेलाच नसतो. सोपा मराठी शब्द सुचवाल का? आणि सांकेतिक भाषेत यासाठी खूण कुणाला माहीत असेल, तर व्हिडिओ पाठवा, प्लीज.