45 दिवसांचं लॅबचं (लॅब्रॅडॉर कुत्र्याचं) पिल्लू बस स्टँडवर आणून देतो म्हणते, घ्यावं का?

वावरवाला (आर्वी)
राम राम राजेहो. पोट्टी दोन वर्सापासून मांगं लागली आहे कुत्रं पाह्यजे म्हणून. आता नागपूरचा एक जण फोनवर भेटला, लॅबचं पिल्लू 8 हजारात, 45 दिवसांचं, दोन्ही इंजेक्शन झाले म्हणते अन् बस स्टँडवर आणून देतो म्हणते पण 3 हजार आधी मोबाईलवर टाका. मी म्हटलं घरीच येऊन पाहतो, तर पिल्लाची माय गावाकडं आहे म्हणे. फोटो लय भारी आहे. काय करू?

पुलगावकर
भाऊ पैसे टाकू नोका. मागच्या दिवाळीत मी असंच एक रस्त्यावर घेतलं, कार्डावर नुसता शिक्का, लसीच्या बाटलीचं स्टिकर नाई. चौथ्या दिवशी उलट्या, मंग रक्ताची हगवण. डॉक्टर म्हणे पार्वो आहे, कुत्र्यायचा विषाणूचा रोग, लागण झाल्यावर 3 ते 7 दिवसांनी दिसते म्हणजे बहुतेक तिकडूनच घेऊन आलं. सलाईन लावले, नाई वाचलं. अन् तो विषाणू मातीत महिनोन् महिने रायते, म्हणून वर्षभर अंगणात दुसरं पिल्लू आणलं नाई. पोरं अजून नाव काढते त्याचं.

गुराढोरांचा कंपाउंडर
दादा, 45 दिवसांचं पिल्लू विकणंच नियमात बसत नाही. 2017 च्या केंद्राच्या नियमात 8 आठवडे आहेत, म्हणजे 56 दिवस. 45 हा बाजारातला आकडा, कारण पिल्लू लहान दिसतं आणि दूध-खुराकाचा खर्च वाचतो. आणि दोन्ही इंजेक्शन कशी झाली? पहिलं साधारण 6 आठवड्यांनी, दुसरं त्याच्या 3-4 आठवड्यांनंतर, हिशोब तुम्हीच करा. राज्य प्राणी कल्याण मंडळाची नोंदणी आहे का विचारा, आणि माय पाहिल्याशिवाय रुपया देऊ नका. वर्षात एकच वेत घ्यायचं असतं, हे लोक कुत्रीला पिंजऱ्यात ठेवून वेतावर वेत काढतात, म्हणून तर दाखवत नाहीत.

जागलीवाला
45 चं पिल्लू अन् मे महिन्यात 45 डिग्री 😄 लॅबले कूलर लावसान का? आमच्या वावरात गावरान आहे, रात्री डुकरं आले की मी उठाच्या आधी तो पोहोचते. फुकट भेटला. पण गावरान म्हणून इंजेक्शन चुकवू नोका, त्यालेबी पार्वो होते.

वावरवाला (आर्वी)
काल त्याले फोन लावला, म्हटलं व्हिडिओ कॉलवर माय दाखव अन् नोंदणीचा कागद पाठव. "घ्यायचं नसन तर टाइमपास करू नका" म्हणे अन् ब्लॉकच केलं. पोट्टी दिवसभर बोलली नाई. मंग शेजारच्या गोठ्यात कुत्रीनं चार पिल्लं दिले ते दाखवले, परवाच डोळे उघडले त्यायचे. तिनं एक काळं पसंत केलं, कॅलेंडरवर खूण केली, अजून दीड महिना आहे म्हणते. कंपाउंडर भाऊ, पहिलं इंजेक्शन मायपाशी असतानीच द्या लागते का घरी आणल्यावर?

गुराढोरांचा कंपाउंडर
मायपाशी असतानाच. त्याआधी जंताचं औषधही द्यावं लागेल, चारही पिल्लं घेऊन या.