मदत हवी आहे : पुराच्या खुणा आणि समुद्रसपाटीची उंची जुळवायची कशी?

शिरोळ तालुक्यात, कृष्णाकाठी आमचं गाव. नव्या पुलाच्या जोडरस्त्याचा भराव पूरक्षेत्रात येतोय. त्याने पुराचा फुगवटा (अडून मागे चढणारं पाणी) किती वाढेल आणि मोऱ्या किती लागतील, हे ग्रामपंचायतीला हरकत नोंदवण्याआधी अंदाजाने तरी मांडायचंय.

आतापर्यंत केलेलं : हेक-रासमध्ये (पुराचं पाणी कसं पसरेल ते काढणारी संगणकप्रणाली) द्विमितीय मॉडेल उभं केलं, कोपर्निकस या युरोपीय उपग्रह-कार्यक्रमाचा ३० मीटरच्या चौकटींचा फुकट उंचीनकाशा घालून. पण त्यात नदीचं पात्र म्हणजे नुसता पाण्याचा पृष्ठभाग, तळ दिसतच नाही. शिवाय उसाचे फड जमिनीपेक्षा उंच दिसतात!

पडताळणीला शाळेच्या भिंतीवर २०१९ च्या पुराची रेघ आहे, खिडकीच्या वर. २०२१ ची तिच्याखाली दोन वीत. दोन्ही डंपी लेव्हलने (उंचीतला फरक मोजायची दुर्बीण) शाळेच्या पायरीपासून मोजल्यात. अडलंय ते इथे : ही पायरी समुद्रसपाटीपासून किती, ते ठाऊक नाही. उंचीनकाशा ईजीएम २००८ वर (समुद्रसपाटीचा जागतिक गणिती पाया), तर सर्वेक्षण खात्याचे बेंचमार्क, म्हणजे उंची ठरवून दिलेल्या खुणा, वेगळ्या पायावर.

ड्रोन सर्व्हेला पैसे नाहीत. उत्तर अर्ध्या फुटापर्यंत बरोबर आलं तरी चालेल. अलमट्टी धरणामुळे पूर येतो का, हा वाद कृपया इथे नको, त्यावर आधीच बरंच झालंय.

जवळचा बेंचमार्क आणि त्याची उंची कुठल्या कार्यालयात, कसल्या अर्जावर मिळते? आणि पात्राचे आडवे छेद नसतील तर पात्र किती खोल धरायचं, हे कुणी प्रत्यक्ष केलंय का?